मोजता न येणारं गवत

११ फेब्रुवारीला, गुरुवारी दुपारी बाराच्या सुमारास, रफूवाल्याने एका गिऱ्हाइकाला तीनशे ऐंशी रुपये परत केले. चौतीस वर्षांच्या धंद्यात असं पहिल्यांदाच घडलं.

गिऱ्हाईक भांडखोर नव्हतं. उलट फार सभ्य माणूस. सिगारेटने बाहीला भोक पडलेला करडा कोट त्याने आठवड्यापूर्वी रफूला टाकला होता. तयार कोट घेऊन तो दुकानाच्या दारात गेला, उजेडात बाही तिरकी धरून दोनदा बघितली आणि म्हणाला, "मास्तर, भोक दिसत नाही हे खरं. पण इथे पाऊस उलटा पडतोय बघा."

रफूवाला उठून दारात गेला. त्या कापडाच्या विणीत बारीक तिरक्या रेघा होत्या, वाऱ्याने कललेल्या पावसासारख्या. सगळ्या बाहीवर त्या उजवीकडे कलल्या होत्या. फक्त नखाएवढ्या एका जागेत डावीकडे. वीण तशी सोपीच होती: दोन धागे वर, एक खाली, आणि दर नव्या ओळीला एक धागा उजवीकडे सरकायचं. तो डावीकडे सरकत गेला होता. तेवीस ओळी.

नवशिक्याकडून अशी चूक होत नाही. नवशिका घाबरत घाबरत दर ओळीला थांबून बघतो. ही चूक सरावलेल्या हाताची. हात चालत राहतो आणि माणूस भलतीकडेच असतो.

"पैसे नकोत हो, राहू द्या," गिऱ्हाईक म्हणालं.

"घ्या," रफूवाला म्हणाला. "नाहीतर मला रात्री झोप यायची नाही." पैसे दिले तरी त्याला झोप आली नाही ती नाहीच.

त्याचं दुकान म्हणजे एका जुन्या इमारतीच्या जिन्याखालची जागा होती, सहा फूट बाय पाच. सरळ उभं राहिलं तर डोकं तिसऱ्या पायरीला लागे, म्हणून तो कायम थोडा वाकलेला असे आणि बाहेर मोकळ्या रस्त्यातही तसाच वाकून चाले. आत एक टेबल, टेबलाला चिमट्याने धरलेला दिवा, दांडीवरचं वाटोळं भिंग, कापड ताणून बसवायची लाकडी चौकट आणि काचेच्या बरणीत सुया. धागा विकत आणायचा नाही, हा त्याचा नेम. ज्या कोटाला भोक, त्याच कोटाच्या आतल्या शिवणीतून धागे उपसायचे आणि त्यांनीच भोक भरायचं. म्हणजे रंगही तोच, वयही तेच.

हे काम त्याला मामाने शिकवलं. मामाने पहिले सहा महिने त्याला सुई हातात दिलीच नव्हती. गोणपाटाचा तुकडा पुढ्यात टाकायचा आणि विचारायचं, "इथून इथपर्यंत धागे किती?" चुकलं की पुन्हा पहिल्यापासून. "रफू केल्यावर आपण तिथे गेलोच नव्हतो असं वाटलं पाहिजे," मामा म्हणायचा. तेव्हापासून रफूवाल्याला मोजायची सवय लागली ती कायमची. घराचा जिना सतरा पायऱ्यांचा, कोपऱ्यापर्यंत खांब नऊ, बायकोच्या बांगड्या दोन्ही हातांत मिळून अकरा. लग्नानंतर आठवड्याभरातच त्याने तिला विचारलं होतं, "एक कमी का?" ती म्हणाली होती, "फुटली. तुमच्या घरात आल्यावर पहिल्याच दिवशी. आता कळलं ना, मोजत बसू नका."

गेल्या वर्षभरात मात्र त्याची मोजणी अर्ध्यात तुटायला लागली होती. समोर मोबाइलची कव्हरं विकणारं दुकान आलं होतं. त्याच्या कर्ण्यावर एकच जाहिरात दिवसभर वाजे, बारा सेकंदांची. शिवाय परगावी राहणाऱ्या मुलीने बापाचा धंदा वाढावा म्हणून दुकानावर पाटी लावून दिली होती: "भोकाचा फोटो पाठवा, भाव ताबडतोब कळवू." फोटो येत होते. दिवसाला साठ-साठ. स्वेटरची भोकं, सोफ्याची भोकं, एकदा तर कोणी फाटक्या छत्रीचा फोटो पाठवला. भाव कळला की माणसं गप्प होत आणि कापड घेऊन क्वचितच कोणी येई. पण दर वेळी फोन टेबलावर थरथरला की तो "दोन वर, एक..." म्हणता म्हणता थांबायचा. मग परत आल्यावर आपण नक्की कुठल्या ओळीवर होतो ते आठवायचं नाही.

घरीही तेच. एकदा चहाचं आधण ठेवून तो चूल पेटवायला विसरला आणि दहा मिनिटं भांड्याकडे बघत उभा राहिला. बायको घरी शर्टांची काजं-बटणं करायची. ती हातातला शर्ट खाली न ठेवता म्हणाली, "पाणी लाजतंय. तुम्ही तोंड फिरवा, म्हणजे उकळेल."

१५ तारखेला, सोमवारी, लाँड्रीवाला आला. रफूवाल्याचं निम्मं काम बावीस वर्षं या माणसाकडून यायचं. तो एरवी दारातूनच गठ्ठा फेकून पुढे जायचा. आज आत येऊन स्टुलावर बसला आणि मांडीवर एक तपकिरी कोट उलगडला. छातीवर, खिशाच्या वर, करंगळीचं टोक जाईल एवढं भोक.

"माझ्याच माणसाने केलं," तो म्हणाला. "टांगायच्या आकड्यात अडकवून ओढला. कोटाचा मालक परदेशी गेलाय, १० मार्चला येईल. त्याला यातलं काही ठाऊक नाही."

रफूवाल्याने कोट दिव्याखाली घेतला आणि भिंग जवळ ओढलं. वीण माशाच्या काट्यासारखी होती. म्हणजे तिरक्या रेघांचा एक पट्टा उजवीकडे, शेजारचा डावीकडे, पुन्हा उजवीकडे. भोक नेमकं दोन पट्ट्यांच्या सांध्यावर. दर ओळीत अर्ध्या वाटेवर दिशा बदलायची होती, आणि जिथे बदलायची तो धागा एकच.

"मास्तर, त्या करड्या कोटाचं माझ्या कानावर आलंय," लाँड्रीवाला म्हणाला. त्याचा आवाज वाईट नव्हता. "म्हणून सरळ बोलतो. हे दिसलं तर कोटाची किंमत मी भरणार, आणि मग तुमचं-माझं काम थांबलं. स्टेशनरोडला एकाने मशीन आणलंय. त्याचं दिसतं, पण निम्म्या भावात करतो. माझा पोरगा वर्षभर मागे लागलाय, त्याच्याकडे द्या म्हणून. मीच थोपवून धरलंय."

"ठेवून जा," रफूवाला म्हणाला. हो म्हणाला नाही आणि नाहीही म्हणाला नाही.

दोष डोळ्यांचा असणार, असं तो धरून चालला होता. १७ तारखेला तो डोळ्यांच्या डॉक्टरिणीकडे गेला. तिने तासभर अक्षरं वाचायला लावली, डोळ्यांत थेंब घातले आणि मग खुर्ची ओढून समोर बसली.

"काका, नंबर दोन वर्षांपूर्वीचाच आहे. काचही बदलायला नको."

"नीट बघा हो. तेवीस ओळी उलट्या घातल्या मी."

"नंतर दारात जाऊन बघितल्यावर दिसल्या?"

"दिसल्या."

"मग डोळे ठणठणीत आहेत. घालताना दिसल्या नाहीत, तो दोष डोळ्यांच्या मागे बसलेल्याचा. तो दमलाय." तिने चष्मा पुसून त्याच्या हातात दिला. "हे बघा, लक्ष दोन तऱ्हांचं असतं. एक आपण ताणून धरतो, तुम्ही सुई चालवताना धरता तसं. दुसरं आपलं आपण जातं. ढगाकडे, पाण्याकडे, झाडाकडे. दुसरं चालू असतं तेव्हा पहिल्याला बसायला मिळतं. तुम्ही सुट्टीच्या वेळी काय करता?"

"फोनवर फोटो बघतो. भोकांचे."

"म्हणजे पहिल्याला सुट्टीच नाही. रोज तासभर एखाद्या बागेत जाऊन बसा. याचा नंबर काढून देता येत नाही, पण बऱ्याच जणांना गुण येतो."

"गोळी नाही?"

"नाही."

"आणि फी?"

"फी तेवढीच," ती म्हणाली, आणि दोघंही हसले.

रफूवाला सांगितलेलं काम पुरं करणारा माणूस होता. दुसऱ्याच दिवशी सकाळी तो पाण्याच्या टाकीमागच्या जुन्या बागेत गेला. आत जायला पाच रुपयांचं तिकीट. फाटकाशी पत्र्याच्या खोक्यात एक म्हातारा तिकीटवाला बसे. तो दर माणसाचं तिकीट पट्टी लावून फाडायचा.

"कुणाची वाट बघायचीय का?" त्याने विचारलं.

"नाही. झाडं बघायचीत."

"बघा. पण आत सगळी झाडंच आहेत, गडबडून जाऊ नका."

रफूवाल्याने फोनवर एक तासाचा गजर लावला, एका मोठ्या झाडासमोरचा बाक धरला आणि बघायला लागला. आता बघायचं म्हणजे काय करायचं, हे त्याला कुणी सांगितलं नव्हतं. त्याने त्याला येत होतं ते केलं. खालच्या फांदीवरची पानं मोजली: एकशे बेचाळीस. त्यातली एकोणीस किडीने खाल्लेली. खिशातून लहान भिंग काढून त्याने एका पानाचं भोक निरखलं, शिरा ताण्यासारख्या उभ्या आहेत की बाण्यासारख्या आडव्या ते ठरवलं आणि मनातल्या मनात ते भोक रफू करून टाकलं. गजर झाला तेव्हा सात पानं झाली होती. घरी आला तो कपाळ दाबतच.

असं बारा दिवस चाललं. मधले दोन सोमवार बाग बंद असे, तेव्हा तो फाटकाबाहेर उभा राहून दिसतील तेवढी झाडं मोजायचा. बायको बघत होती.

"बागेत जाऊन दमून येणारा माणूस मी पहिल्यांदाच बघतेय," ती म्हणाली.

"मी तर सगळं नीट बघतो गं. एक पान सोडत नाही."

"तेच म्हणतेय मी. पानांनी काय तुमच्याकडे तक्रार केलीय?"

दुपारी तो जुन्या कापडाच्या तुकड्यावर माशाच्या काट्याची वीण घालून बघे. सातव्या-आठव्या ओळीला पट्टा कुठे वळवायचा ते चुके. तपकिरी कोट कपाटात टांगलेला होता. त्याला त्याने सुई लावली नव्हती. १ मार्चला, सोमवारी, त्याने तुकडा चौकटीतून काढून टाकला आणि बायकोला म्हणाला, "१० तारखेला त्याला सांगून टाकू. मशीनवाल्याकडे दे म्हणावं."

तिने शर्ट पुढ्यात ओढला. काजाला तीन टाके घातले, गाठ मारली, दाताने धागा तोडला. मग म्हणाली, "सांगायचं ते १० तारखेला सांगा. उद्या २ आहे."

२ मार्चला सकाळी सगळंच उलटं झालं. फोन रात्री चार्जिंगला लावायचा राहिला होता, तो घरी ठेवावा लागला. भिंग दुकानात राहिलं. आणि फाटकाशी आल्यावर कळलं की पाकिटात एकच पाचशेची नोट आहे.

"सकाळी सकाळी पाचशे? कुठून आणू मी सुटे?" तिकीटवाला म्हणाला. "जा आत, उद्या द्या. तुम्ही कुठे पळताय, वाकून चालणारा माणूस लांबूनही ओळखू येतो."

त्या दिवशी वारा सुटला होता. नेहमीच्या बाकावर वाळक्या काटक्या पडत होत्या, म्हणून रफूवाला बागेच्या मागच्या अंगाला गेला. तिथे एक उथळ तळं होतं आणि तळ्याच्या काठाने कमरेएवढं गवत. गवत कापायचं यंत्र दोन वर्षांपूर्वी बिघडलं होतं आणि बागेच्या कचेरीला ते दुरुस्त करायचं सुचलं नव्हतं. एका दगडावर तो बसला.

वारा गवतावरून जात होता. एक फिकट पट्टा या टोकाकडून निघे, त्या टोकाला पोचायच्या आत मोडे आणि दुसरीकडूनच नवा निघे. कधी उजवीकडे कललेला, कधी डावीकडे. रफूवाल्याने सवयीने मोजायला घेतलं. एक, दोन, तीन, आणि चौथ्याला तो अडला, कारण तिसराच दुभंगून त्याचे दोन झाले होते. पुन्हा पहिल्यापासून. या वेळी पाचापर्यंत. तिसऱ्या वेळी दोन म्हणायच्या आत पहिला नाहीसा झाला. झाडावरची पानं तशी जागच्या जागी असत. हे गवत थांबतच नव्हतं.

चौथ्या वेळी त्याने मोजलं नाही. ठरवून सोडलं असंही नाही. हात दुखला की आपण पिशवी खाली ठेवतो, तसं ते सुटलं. पट्टे येत होते, जात होते. एक चिमणीएवढा पक्षी गवताच्या टोकावर बसायचा, टोक वाकायचं, पक्षी उडायचा. पाण्यावर सुरकुत्या पडून परत ताणल्या जात होत्या. मधेच त्याला मामाची आठवण आली, मग मुलगी लहानपणी बटणांच्या डब्यात हात घालून बसायची ते, आणि ते विचारही पट्ट्यांसारखेच येऊन गेले. तो त्यांच्या मागे गेला नाही.

"ओ मास्तर," मागून तिकीटवाल्याचा आवाज आला. रफूवाल्याचा धंदा त्याला कुठून कळला होता कोण जाणे. "दुपारची बंद करायची वेळ झाली. झोपलात की काय?"

"जागा आहे मी. किती वाजले?"

"साडेअकरा."

दोन तास झाले होते. रफूवाला उठला. परत जाताना खांब मोजायचे राहून गेले, हे त्याच्या कोपऱ्यावरच्या खांबाशी लक्षात आलं. आणि तपकिरी कोटाच्या कॉलरमागच्या शिवणीत दुमडलेलं कापड बोटभर जास्त आहे, धागे तिथूनच उपसायचे, हेही आठवलं. ते त्याने १५ तारखेलाच बघितलं होतं. पंधरा दिवस आठवत नव्हतं.

दुकानात समोरची जाहिरात वाजतच होती. त्याने तुकडा चौकटीला लावला आणि चौदा ओळी घातल्या. पंधराव्या ओळीला चुकला. पण या वेळी चुकला ते सोळावी घालायच्या आधी त्याला दिसलं.

संध्याकाळी त्याने बायकोला हे सांगितलं. "चुकलो तर चुकलोच गं. पण चुकलो तेव्हा मी तिथे होतो."

"मग आता फोन माझ्याकडे द्या," ती म्हणाली. "दुपारी एकपर्यंत मी बघते." दुसऱ्या दिवसापासून फोटो पाठवणाऱ्या प्रत्येकाला एकच उत्तर जायला लागलं: कापड घेऊन या, फोटोला रफू करत नाही. साठाचे आठवड्यात वीस झाले. पाटी तिने मुलीला न सांगता उतरवली आणि उलट्या बाजूने काजं कातरायचा पाट म्हणून वापरायला घेतली.

५ मार्चला, शुक्रवारी, रफूवाला तपकिरी कोटाला बसला. रोज आधी गवत, मग दुकान, आणि दुकानात अडीच तासच. त्यापुढे सुई खाली. शुक्रवारी तेरा ओळी झाल्या. शनिवारी अकराच, आणि त्यातल्या चार त्याने उसवल्या. सांध्यावरचा एक धागा चुकला होता. भिंगाशिवाय कुणाला दिसला नसता, पण त्याला माहीत होता. एरवी तो चिडून दिवा जवळ ओढून रात्रीपर्यंत बसला असता. शनिवारी त्याने चौकट झाकली, घरी जाऊन बायकोच्या शंभर बटणांसाठी सुईत दोरा ओवून दिला आणि लवकर झोपला. रविवारी पंधरा ओळी झाल्या. सोमवारी बाग बंद होती, म्हणून सुईही बंद. मंगळवारी, ९ तारखेला, दुपारी बाराला शेवटची ओळ संपली. धाग्यांची टोकं आत घेऊन त्याने ओला फडका ठेवून इस्त्री फिरवली.

चारला लाँड्रीवाला आला. त्याने कोट दारात नेला. तिरका धरला, उभा धरला, बाहेर उन्हात नेला. रस्त्यावरची दोन माणसं थांबून बघायला लागली. तो आत आला.

"डाव्या बाजूलाच होतं ना?"

"आठवा तुम्ही," रफूवाला म्हणाला. रफू कुठे आहे ते रफूवाल्याने सांगायचं नसतं. मामाचा तोही नेम होता.

लाँड्रीवाल्याने छातीवर अंगठा फिरवला, परत फिरवला, आणि कोट घडी करून काखेत घातला. "उद्या कळेल," तो म्हणाला. एवढी खात्री पटली तरी बोलायचं नाही, हा त्याचा नेम.

१० तारखेचा दिवस रफूवाल्याने कसाबसा काढला. गवताशी बसूनही त्या दिवशी काही उपयोग झाला नाही. सारखा फाटकाकडे बघत होता. संध्याकाळी सहाला लाँड्रीवाला घरीच आला आणि खुर्चीत बसून आधी पाणी प्यायला.

"तक्रार आलीय," तो म्हणाला.

काजं करणारा हात थांबला. 

"कोट अंगात घातला, आरशात बघितलं, पाठ बघितली. म्हणाला, दुसरं बटण सैल आहे, तुम्ही लोक लक्ष देत नाही. आणि गेला."

"बटण माझ्याकडे द्यायचं होतं," बायको म्हणाली. "मी काय मेले होते?"

लाँड्रीवाला हसला, मग खुर्ची पुढे ओढून कामाचं बोलायला लागला. "मास्तर, आता उद्यापासून रोजचे चार पाठवतो. साठलेत माझ्याकडे."

"दोन," रफूवाला म्हणाला.

"तीन तरी?"

"दोन. तिसऱ्याला मी नसतो, नुसता हात असतो. ते तुम्हाला परवडायचं नाही."

"मशीनवाला दिवसाला दहा घेतो."

"मग बाकीचे त्याला द्या. ज्यांना दिसलं तरी चालतं, ते."

लाँड्रीवाल्याने बायकोकडे बघितलं. ती शर्टाकडे बघत होती. "बरं, दोन," तो म्हणाला. मिळकत पूर्वीपेक्षा कमी होणार, हे खोलीतल्या तिघांनाही कळत होतं. 

त्या आठवड्यात रफूवाल्याने करड्या कोटाच्या सभ्य गिऱ्हाइकाला निरोप पाठवला, कोट परत मागवला, तेवीस ओळी उसवून सरळ घातल्या. दारातल्या उजेडात त्या माणसाने बाही बराच वेळ बघितली आणि म्हणाला, "आता तुम्हाला सापडतंय का?"

"मला सापडतं," रफूवाला म्हणाला. "मी होतो ना तिथे."

तो अजून रोज बागेत जातो. कधी वारा असतो, कधी नसतो. नसला की गवत नुसतं उभं असतं आणि त्याला मोजायची हुक्की येते. मग तो पाण्याकडे तोंड करून बसतो. काही दिवस बरे जातात, काही जात नाहीत. साठीला आता आठच महिने राहिलेत आणि दिवसाला दोनाचा एक कोट कधीतरी होणार, हे तो धरून चालतो.

२ मार्चच्या तिकिटाचे पैसे त्याने दुसऱ्याच दिवशी पुढे केले होते. तिकीटवाल्याने ते घेतले नाहीत. कालच्या हिशेबाची पानं भरून कचेरीत गेली, कालचं तिकीट आज फाडता येत नाही, आणि तिकीट फाडल्याशिवाय पैसे घेता येत नाहीत, असं त्याने पट्टी पुसत सांगितलं. रफूवाला अधूनमधून विचारतो. ते पाच रुपये अजून द्यायचे आहेत.